पायाखालचं पेडल

उत्तर न दिलेलं ते पत्र वामन देवस्थळींना तोंडपाठ होतं.

चार वर्षांपूर्वी ते महिला कारागृहातून आलं होतं. वहीचा आखीव कागद, दोन्ही बाजूंनी भरलेला, कोपऱ्यात ‘तपासले’ असा जांभळा शिक्का. देवस्थळींनी ते एकदाच वाचलं, घडी घातली आणि संख्याशास्त्राच्या एका जाड पुस्तकात ठेवून दिलं. पुस्तक फडताळाच्या सर्वांत वरच्या कप्प्यात गेलं. पुढे कधी त्या कप्प्यातलं दुसरं एखादं पुस्तक हवं झालं, तर ते वाचनालयातून आणत.

‘आदरणीय देवस्थळी साहेब यांस, सुगंधा पोळ हिचा नमस्कार. मी शिलाईकाम करते. मला गाडी चालवता येत नाही. ओळखपत्र म्हणून चालतं, असं सगळे म्हणाले, म्हणून सहा वर्षांपूर्वी लायसन काढलं आणि कपाटात ठेवून दिलं. आता तुमचं मशीन म्हणतं, की होमगार्ड दादाराव साबळे यांना उडवून पळालेली जीप मीच चालवत होते. मला गाडी येत नाही, असं कोर्टात सांगितलं, तर सरकारी वकील म्हणाले, या बाईंच्या नावावर अठ्ठावीस हजार किलोमीटरची नोंद आहे. लोक हसले. मला सात वर्षांची शिक्षा झाली आहे. साहेब, पेपरातल्या फोटोवरून मी तुम्हाला ओळखलं. टेस्टच्या दिवशी रांगेत तुम्ही माझ्या मागे होता. आपण दोघंही गव्हाणे मास्तरांच्या गाडीत बसलो. माझ्या पायाखालचं पेडल आपोआप खाली जात होतं. तुमच्याही गेलं असणार. तेवढं एक तुम्ही कोर्टाला सांगा.’

तुमच्याही गेलं असणार. गेलं होतं.

त्याचं असं झालं होतं. चालनठसा ही देवस्थळींची कल्पना. माणूस गाडी चालवताना ब्रेक किती हळू दाबतो, कधी सोडतो, वेग वाढवताना पाऊल कितीदा थरथरतं, या सगळ्याचा मिळून एक ठसा बनतो आणि दोन माणसांचा ठसा सारखा नसतो, हे त्यांनी गणितानं सिद्ध केलं. सरकारनं ते उचललं. प्लॅस्टिकची परवानापत्रं उरली ती ओळख दाखवण्यापुरती. प्रत्येक गाडीत ठसापेटी बसली. गाडी शंभर मीटर जाते न जाते तोच ती चालकाला ओळखे, परवाना भवनातली नोंद ताडून पाही आणि नोंद नसेल तर गाडी कडेला थांबवी. मंत्र्यांनी भर सभेत जाहीर करून टाकलं, की पहिल्या तुकडीतला एक परवाना खुद्द संशोधकांना मिळेल.

संशोधकांना गाडी येत नव्हती. अठ्ठावन्न वर्षांच्या आयुष्यात त्यांनी सायकलच काय ती चालवली होती. हे सांगायची त्यांना लाज वाटली. शहराच्या दुसऱ्या टोकाला ‘शीघ्रगती मोटार ट्रेनिंग स्कूल’ होतं, तिथे त्यांनी निवृत्त शिक्षक म्हणून नाव घातलं. गव्हाणे मास्तर ढेरपोटे, हसतमुख. शिकवणीच्या गाडीत मास्तरांच्या पायाशी पेडलांची दुसरी जोडी असे. टेस्टच्या दिवशी निरीक्षक मागच्या सीटवर बसला, आणि मास्तर हळूच म्हणाले, “काका, पाय नुसते टेकवून ठेवा. मी आहे ना.”

देवस्थळींचे पाय टेकलेले राहिले. पेडलं खाली गेली, वर आली. गाडी चढावर थांबली, वळली, मागे आली. निरीक्षकानं मान वर केली नाही. सगळ्या शिकवण्यांमध्ये असंच चाले आणि ते मैदानावरच्या चहावाल्यालाही माहीत होतं.

आता गुरुवारी सकाळी पेपरात चार ओळींची सूचना आली होती: दहा वर्षांपूर्वीच्या चाचण्यांच्या कच्च्या नोंदी शनिवारी कायमच्या पुसण्यात येतील. देवस्थळींनी ती दोनदा वाचली. मग स्टूल ओढून वर चढले आणि पुस्तक काढलं. पत्राची घडी तिसऱ्या प्रयत्नात उलगडली. वयानं असेल, असं त्यांनी आधी स्वतःला समजावलं. मग त्यांच्या ध्यानात आलं, की हा राग आहे. इतक्या वर्षांनी आलेला राग त्यांना चटकन ओळखू आला नव्हता.

परवाना भवनाच्या दारात टोकनचं यंत्र होतं आणि यंत्राच्या वर देवस्थळींचाच फोटो लावलेला होता, दहा वर्षं तरुण.

“काका, आधी टोकन,” टेबलामागचा भोकरे नावाचा कारकून म्हणाला.

“मला इंगवले मॅडमना भेटायचंय. मी देवस्थळी.”

“देवस्थळी असा नाहीतर गावस्थळी. टोकन.”

एरवी देवस्थळी टोकन घेऊन दोन तास बसले असते. आज त्यांनी बोट वर करून फोटो दाखवला. भोकरेनं फोटो पाहिला, त्यांना पाहिलं, पुन्हा फोटो पाहिला.

“अरे बापरे,” तो उठत म्हणाला. “साहेब, तुम्ही हयात आहात? फोटोला दर वर्षी हार घालतो हो आम्ही.”

मृदुला इंगवले ही देवस्थळींची एकेकाळची विद्यार्थिनी, आता राज्याची अभिलेख-संचालक. सरांना पाहून ती खुर्चीतून उठली, चहा सांगितला, गुडघ्यांची चौकशी केली. देवस्थळींनी पत्र तिच्यापुढे ठेवलं. तिनं ते वाचलं, आणि तिच्या चेहऱ्यावरचं अगत्य ओसरून तिथे अधिकारी आली.

“सर, सगळे असंच लिहितात. गाडी येत नाही म्हणणारे कैदी माझ्याकडे ढिगानं आहेत. या बाईंचा ठसा आणि जीपमधला ठसा अठ्ठ्याण्णव टक्के जुळला होता. स्वीकारमर्यादा सत्त्याण्णवची आहे, आणि ती तुम्हीच ठरवलीत.”

“अठ्ठ्याण्णव टक्के जुळला म्हणूनच ती निर्दोष आहे.”

“म्हणजे?”

“ठशात पायाचा भाग किती?”

“नव्वद टक्के. तुम्हीच शिकवलंत. हात माणूस जाणूनबुजून बदलू शकतो, पायाला सोंग जमत नाही.”

“आणि टेस्टच्या गाडीत पाय कोणाचे असतात, मृदुला?”

तिनं पत्राची घडी घातली. मग जपून म्हणाली, “दुहेरी पेडलांबद्दल म्हणताय. मास्तर मदत करतात, हे मलाही माहीत आहे. पण त्यावर तुमच्याच गणितात इलाज आहे ना. नोंदीची सरक. माणूस प्रत्येक वेळी गाडी चालवतो, तेव्हा त्याची नोंद किंचित त्याच्याकडे सरकते. म्हातारपण, गुडघेदुखी, सगळं नोंदीत हळूहळू उतरतं. टेस्टच्या दिवशी मास्तरांचा पाय मिसळला असला, तरी पाच-सहाशे किलोमीटरांत तो धुऊन निघतो.”

“निघतो. गाडी चालवली तर.”

चहा आला. कोणी कपाला हात लावला नाही.

“जो परवाना काढून कपाटात ठेवतो, त्याची नोंद सरकणार कशी?” देवस्थळी म्हणाले. त्यांचा आवाज चढत होता आणि चढवलेला आवाज कसा पेलायचा, हे त्यांना ठाऊक नव्हतं. तो मध्येच फाटत होता. “त्याच्या नावाखाली मास्तरांचा पाय जसाच्या तसा राहतो. जितकं माणसाला गाडीतलं कमी कळतं, तितका त्याचा ठसा पक्का! आपण असं यंत्र बनवलंय, की जे शंभर चालकांतून नेमकं गाडी न येणारं माणूस शोधतं आणि म्हणतं, हाच तो सराईत.”

“सर, हा तर्क झाला. तिच्या नावावर अठ्ठावीस हजार किलोमीटर आहेत, त्यांचं काय?”

“त्यासाठीच तिच्या टेस्टची कच्ची नोंद दे. पायाचा दाब दोन जागांवरून आलाय, हे त्यात दिसेल. शनिवारी तुम्ही ती पुसताय.”

“दुसऱ्याची नोंद मला देता येत नाही. कायदा आहे. तिनं स्वतः अर्ज करावा, कारागृहामार्फत, पंचेचाळीस दिवस...”

देवस्थळींनी टेबलावर हात आपटला. त्यांनी आयुष्यात असं कधी केलं नव्हतं, त्यामुळे अंदाज चुकला आणि चहा फायलीवर सांडला. दारातून भोकरेनं डोकं आत घातलं, तो प्रसंग पाहून तसंच बाहेर नेलं.

“पंचेचाळीस दिवस! परवा पुसणार आणि पंचेचाळीस दिवस! मी काढलेल्या एका आकड्यावर तिला सात वर्षांची शिक्षा झाली, आणि तू मला कलम सांगतेस?”

“मी कलम सांगू नको तर काय करू?” मृदुलाही उसळली. “हे पत्र कधीचं आहे, सर? तारीख पाहिली मी. चार वर्षं! तेव्हा अपिलाची मुदत शिल्लक होती. तेव्हा कुठे होतात तुम्ही?”

“घरी होतो.”

“का?”

“लाज वाटली.” ते खाली बघत म्हणाले. “मला गाडी येत नाही. माझी टेस्टही मास्तरांनीच दिली. हे पत्र खरं आहे, हे पहिल्या वाचनात कळलं मला. उत्तर दिलं असतं, तर एवढं मान्य करावं लागलं असतं. एवढंच! त्या एवढ्यासाठी बाई आत बसलीय.”

मृदुला त्यांच्याकडे बघत राहिली. या माणसाच्या पुस्तकावर तिनं पदवी मिळवली होती.

“तिची नोंद देता येत नाही, मान्य,” देवस्थळी म्हणाले. “माझी देता येते?”

“स्वतःची नोंद मागितली, तर ती नाकारता येत नाही. लगेच द्यावी लागते.”

“मग माझी काढ. परवाना क्रमांकाचे शेवटचे आकडे चव्वेचाळीस अठरा. तिचे चव्वेचाळीस सतरा. एकाच गाडीत, एकामागोमाग एक. मी त्या दिवसानंतर स्टिअरिंगला हात लावलेला नाही. माझा ठसा त्या जीपशी ताडून बघ. माझाही जुळला, तर एकाच वेळी ती जीप दोघांनी चालवली असं होईल. अपघाताच्या वेळी मी विद्यापीठात दोनशे जणांसमोर भाषण देत होतो.”

हे तिला पटलं. ती पडद्याकडे वळली. भिंतीवरच्या मोठ्या पडद्यावर देवस्थळींची नोंद उघडली: नाव, वय, रक्तगट, टेस्टची तारीख. पुढची ओळ आली, तशी तिची बोटं थांबली.

“सर, टेस्टनंतर तुम्ही गाडी चालवलेली नाही म्हणालात.”

“एकदाही नाही.”

“तुमच्या नावावर एकसष्ट हजार किलोमीटर आहेत.”

देवस्थळींनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. आकडा तोच होता.

“पहिली फेरी कधीची?”

तिनं पाहिलं. “चार वर्षं आठ महिन्यांपूर्वी. त्याआधी एकही नाही.” आणि मग हलक्या आवाजात, “सुगंधा पोळचा परवाना रद्द झाला, त्याच्या दुसऱ्या दिवशीची.”

आता दोघांनाही एकदमच उमगायला लागलं, आणि उमगलेलं दोघांनाही आवडलं नाही.

“शोध चढत्या क्रमानं होतो,” देवस्थळी स्वतःशीच बोलल्यासारखे म्हणाले. “पहिला जुळणारा क्रमांक मिळाला, की थांबतो. वेळ वाचावा म्हणून मीच तसं सुचवलं. ठसा कोणाशी दुबार जुळणारच नाही, तर पुढे शोधायचं कशाला? आधी चव्वेचाळीस सतरा सापडत होती. ती गेली, आता चव्वेचाळीस अठरा.”

“आणि तो मास्तर चालवतोय, त्यामुळे नोंद सरकते ती त्याच्याचकडे. दर फेरीला आणखी पक्की होते.” मृदुलानं खालची ओळ वाचली आणि ती खुर्चीत ताठ झाली. “सर. शेवटची फेरी.”

पडद्यावर हिरवी अक्षरं होती: वाहन चालू.

“म्हणजे?”

“म्हणजे तुम्ही आत्ता, या क्षणी, बाजार समितीच्या रस्त्यावर गाडी चालवताय. ताशी चाळीसनं.”

नकाशावर एक हिरवा ठिपका सावकाश, शिस्तीत पुढे जात होता. चौकात थांबला. पुन्हा निघाला. ब्रेक अगदी मऊ दाबला गेला असणार. देवस्थळींना ते आपल्या तळपायात जाणवलं.

“माझा परवाना रद्द कर,” ते म्हणाले. “आत्ता.”

“सर—”

“मी धारक आहे. अर्ज तोंडी समज. कर.”

तिनं केला. परवाना रद्द झाला, की ठसापेटी इशारा देते आणि गाडी कडेला थांबते, असा नियम. दोघं ठिपक्याकडे बघत राहिले. ठिपका एकदा लुकलुकला. देवस्थळींचं नाव पुसलं गेलं. त्या जागी दुसरं उमटलं: नलिनी घोरपडे, वय एकाहत्तर, निवृत्त परिचारिका. गाडी थांबली नव्हती. तिचा वेगही कमी झाला नव्हता.

मृदुलानं तोंडावर हात ठेवला. मग नलिनीबाईंचा परवानाही स्थगित केला. ठिपका लुकलुकला: यासीन तांबोळी, वय अडुसष्ट, रेशन दुकानदार. गाडी डावीकडे वळली.

“बस,” देवस्थळी म्हणाले. “हात काढ. असे किती असतील, कोण जाणे. गव्हाणे मास्तरांनी पास केलेलं आणि पुन्हा कधी गाडीत न बसलेलं प्रत्येक माणूस.”

“आणि राज्यात असे मास्तर किती आहेत?” तिनं विचारलं. “सर, पण मास्तरांची स्वतःची नोंद असेल ना? चव्वेचाळीस सतराच्या कितीतरी आधीची. शोध तिच्यावरच थांबायला हवा होता.”

त्याचं उत्तर वीस मिनिटांनी मिळालं. मृदुलानं कळवल्यावरून वाहतूक पोलिसांनी गाडी अडवली आणि हवालदाराचा फोन तिनं मोठ्या आवाजावर टाकला.

“मॅडम, शिकवणीची गाडी आहे. चालवणारा सत्तरीतला. शेजारी शिकणारी पोरगी बसवलीय. लायसन मागितलं, तर हसतोय. म्हणे, पस्तीस वर्षं लोकांना लायसन काढून देतोय, मला कोण विचारणार? कागदी दाखवतोय, जुनं. मुदत संपून बारा वर्षं झालीत. ठसा कधी दिलाच नाही म्हणतो. गाडी चालू होतेय, मग कशाला द्यायचा?”

“फोन त्यांच्याकडे द्या,” देवस्थळी म्हणाले.

थोडी खडखड झाली. “हॅलो, कोण?”

“मास्तर, मी वामनराव. दहा वर्षांपूर्वी तुमच्याकडे शिकलो होतो.”

“वामनराव... शाळामास्तर ना? आठवलं की! काय काका, चालवता की नाही गाडी?”

“तुम्ही चालवता ना, माझ्या नावावर. मास्तर, पाच वर्षांपूर्वी एका जीपनं दादाराव साबळे नावाच्या होमगार्डला उडवलं. ती जीप तुम्ही चालवत होता?”

पलीकडून रस्त्यावरच्या गाड्यांचा आवाज येत राहिला.

“काका,” गव्हाणे मास्तर शेवटी म्हणाले, आणि आवाजातलं हसू गेलं होतं, “तुम्हाला पास केलं ना मी? तेव्हा कुठे काही विचारलंत?”

देवस्थळींनी फोन टेबलावर ठेवला. मास्तरांना सुनवायची चार वाक्यं त्यांनी तयार केली होती. त्यातलं एकही बाहेर पडलं नाही, कारण ती सगळी त्यांना स्वतःलाही लागू पडत होती.

मृदुलानं हवालदाराला मास्तरांना ताब्यात घ्यायला सांगितलं. मग तिनं शनिवारच्या पुसणीला स्थगिती दिली. तो अधिकार तिचा होता. देवस्थळींच्या नोंदीच्या प्रमाणित प्रतीवर सही करायची वेळ आली, तेव्हा मात्र तिचं पेन अडलं.

“ही प्रत बाहेर गेली, तर ठशावर झालेला राज्यातला प्रत्येक खटला उघडेल. खरे गुन्हेगारही सुटतील, सर.”

“सुटतील. त्याला जबाबदार मी. पण जी दिसतेय, ती आधी सोडव.”

तिनं सही केली, शिक्का मारला, आणि प्रत त्यांच्या हातात देता देता धरून ठेवली.

“कोर्टात या बाईंच्या पत्राचीही प्रत जोडायची. तारखेसकट. तुम्हाला कधीपासून माहीत होतं, ते कळायला हवं.”

“जोड.”

“तुमच्यावर कारवाई होईल.”

“व्हायलाच हवी. नाही केलीस, तर मी तुझ्यावर तक्रार करीन.” ते पहिल्यांदाच किंचित हसले, तिला हसू आलं नाही. ती त्यांना दारापर्यंत पोचवायला आली नाही आणि त्यांनीही तशी अपेक्षा केली नाही.

भोकरेकडून त्यांनी एक कोरा कागद मागून घेतला आणि टोकनवाल्यांच्या बाकावर बसून लिहायला घेतलं. पहिला कागद फाडला. त्यात गणित फार झालं होतं. दुसराही फाडला, त्यात स्वतःबद्दल फार होतं. भोकरे प्रत्येक वेळी नवा कागद देत होता आणि काही विचारत नव्हता. तिसऱ्यावर त्यांनी लिहिलं:

‘सुगंधाताई, तुम्ही लिहिलं ते खरं होतं. माझ्याही पायाखालचं पेडल आपोआप खाली गेलं होतं. तुमचं पत्र मिळालं त्याच दिवशी मला हे माहीत होतं आणि मी गप्प बसलो. जीप गव्हाणे मास्तर चालवत असणार; ते आज ताब्यात आहेत. सोबत माझ्या नोंदीची शिक्क्याची प्रत जोडली आहे. ती तुमच्या वकिलांना द्या, नसतील तर कळवा, मी उभे करीन. कोर्टात मी स्वतः येऊन सांगेन. तुमची चार वर्षं मला परत देता येणार नाहीत आणि क्षमा मागायला मला तोंड नाही, म्हणून मागत नाही. — वामन देवस्थळी.’

पोस्ट ऑफिस रस्त्यापलीकडे होतं. देवस्थळी डिंकाच्या बाटलीकडे वळले, तेवढ्यात खिडकीतल्या बाईंनी पत्ता वाचून त्यांना थांबवलं.

“आजोबा, कारागृहाचं आहे. चिकटवलंत तरी ते फोडणार. सगळं वाचूनच आत देतात. खासगी काही असेल, तर विचार करा बुवा.”

“नाही,” देवस्थळी म्हणाले. “उघडंच जाऊ दे. ज्याला वाचायचं त्यानं वाचावं.”

बाईंनी रजिस्टरचा शिक्का मारला, पाकीट मागच्या पोत्यात टाकलं आणि पावती खिडकीतून पुढे सरकवली.